स्कूटरचा पट्टा मिळतो, मोटारीचा का मिळत नाही?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

ऑटोमॅटिक गाड्यांची मागणी कशी वाढते आहे, यावर आपल्या दैनिकात गेल्या महिन्यात लिहून आलं. क्लच दाबायचा त्रास वाचतो, गर्दीत पाय दुखत नाही, हे सगळं त्यात होतं आणि ते खरं आहे. पण वॉरंटी संपल्यावर तो गिअरबॉक्स बिघडला तर मालकाने काय करायचं, यावर एक ओळही नव्हती. माझ्यावर ती वेळ आली, म्हणून लिहितो आहे. पत्र लांबलं आहे. कापायचं झालं तर सुरुवातीचं कापा, शेवटचं मागणं तेवढं राहू द्या.

माझा जन्म १९६१ चा. दुसरं वर्ष भरायच्या आत पोलिओ झाला आणि डाव्या पायातली ताकद गेली, ती गेलीच. पुढे आयटीआय केलं, १९८८ मध्ये नाशिकच्या अंबड औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात लागलो आणि २०१९ मध्ये तिथल्या टूलरूममधूनच, म्हणजे साचे आणि हत्यारं बनवणाऱ्या विभागातूनच, निवृत्त झालो. शेवटची चौदा वर्षं गिअर तपासणीवर होतो. दात्याची जाडी, रनआउट (फिरताना गिअर किती डुलतो ते), कडकपणा मोजणं हे रोजचं काम. हे सांगतो ते एवढ्याचसाठी, की पुढे जे लिहिलं आहे ते ऐकीव नाही, हाताने चाचपून पाहिलेलं आहे.

१९९१ साली मी कायनेटिक होंडा घेतली आणि तिला मागे दोन जादा चाकं लावून घेतली. तोपर्यंत सिडकोतून कंपनीत जायला मी कुणाच्या ना कुणाच्या मागे बसायचो. दुसऱ्याची ड्यूटी बदलली की माझी पंचाईत. ती स्कूटर आली आणि आयुष्यात पहिल्यांदा मला वाटेल तेव्हा घराबाहेर पडता आलं. त्या वेळचं सुख आजही आठवतं. क्लच नाही, गिअर नाही. बाजूचं कव्हर काढलं की आत दोन पुल्या आणि एक रबरी पट्टा. वेग वाढला की पुढच्या पुलीतले रोलर बाहेर सरकतात, पुलीच्या दोन थाळ्या जवळ येतात, पट्टा वर चढतो आणि तेवढ्याच मापाने मागच्या पुलीत खाली उतरतो. गिअर पडत नाही, प्रमाण सरकत राहतं. पेट्रोलवर चालणारी जवळजवळ प्रत्येक बिनगिअरची स्कूटर आजही अशीच चालते. सीव्हीटी म्हणतात ते हेच. पट्टा झिजला की दुकानातून नवा आणायचा. रविवारी सकाळी दारात बसून मी तो चार वेळा स्वतःच्या हाताने बदलला आहे.

२०१५ मध्ये कर्ज काढून ऑटोमॅटिक मोटार घेतली. पेट्रोलची, चार दारांची, एका मोठ्या कंपनीची. तिच्यातही सीव्हीटीच होता. विक्रेत्याने सांगितलं तेव्हा मला उलट बरं वाटलं, कारण ओळखीचं यंत्र होतं. कल्पना जुनी आहे. १९५८ साली नेदरलँड्सच्या डाफ कंपनीने ह्यूब व्हॅन डॉर्न यांच्या रचनेची छोटी मोटार लोकांपुढे आणली, तिच्यात रबरी पट्टेच होते. पुढे रबराच्या जागी पोलाद आलं, आणि रोलरच्या जागी तेलाचा दाब. बाकी तत्त्व माझ्या स्कूटरचंच.

आठ वर्षं गाडीने काही त्रास दिला नाही. त्र्यंबक, वणी, शिर्डी, डोंबिवलीला लेकीकडे महिन्यातून एक फेरी. २०२४ च्या उन्हाळ्यात नाशिकच्याच द्वारका चौकातल्या गर्दीत गाडी हळू सरकताना थरथरायला लागली. मी चाकांचं बॅलन्सिंग करून घेतलं. थोड्या दिवसांनी ऐंशीच्या वेगाला बारीक सूं असा आवाज यायला लागला. बेअरिंगचा आवाज मला ओळखू यायला हवा होता. चाकाचं बेअरिंग असेल म्हणून पुढे ढकललं, ही चूक माझीच.

जुलैत लेकीकडून परत येताना कसारा घाटात गाडी गेली. निम्मा घाट चढलो असू. पाऊस होता, धुकं होतं, मागे कंटेनरची रांग. इंजिनाच्या फेऱ्यांचा काटा चार हजारांच्या वर आणि वेग चाळीसवरून तीस, तीसवरून पंधरा. इंजिन ओरडतंय आणि चाकांपर्यंत काही पोचत नाही. शेजारी पत्नी बसलेली, तिने देवाचं नाव घ्यायला सुरुवात केली. कशीबशी कडेला घेतली आणि चारही दिवे लावले. एक कंटेनरवाला थांबला, त्याने मागे दगड लावून दिले आणि पाऊण तास आमच्या मागे गाडी उभी करून थांबून राहिला. त्याचं नावही विचारायचं राहिलं.

इथे वाचकांसाठी एक गोष्ट मुद्दाम सांगतो. टोइंगवाला आला तो हुक घेऊन. पुढची चाकं जमिनीवर ठेवून ओढून नेऊ म्हणाला. मी नेऊ दिली नाही. ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचा तेलाचा पंप इंजिनावर फिरतो. इंजिन बंद असताना चाकं फिरली तर आतले भाग तेलाविना घासतात. पुढची चाकं ओढणारी गाडी असेल तर एकतर पुढून उचलून न्यायची, नाहीतर अख्खी सपाट गाडीवर चढवायची. दीड तास जास्त थांबलो, हजार रुपये जास्त दिले, पण सपाट गाडीच मागवली.

सर्व्हिस सेंटरवरचा मुलगा नम्र होता. त्याने स्कॅनर लावला आणि म्हणाला, "काका, गिअरबॉक्स गेला. अख्खी असेंब्ली बदलावी लागेल." अंदाजपत्रक २ लाख ८६ हजारांचं. गाडी विकायला काढली तर त्या वेळी सव्वातीन लाख आले असते. मी विचारलं, बेअरिंग गेलं असेल तर बेअरिंग बदला, पट्टा गेला असेल तर पट्टा. तो म्हणाला, "सुटा भाग येतच नाही. आम्ही हा खोलतही नाही." मग मी ऑइलचं विचारलं, कारण ६० हजार किलोमीटरला मी स्वतः ते बदलायला सांगितलं होतं आणि तेव्हा मला उत्तर मिळालं होतं की हे ऑइल आयुष्यभर चालतं. गाडी ८७ हजारांवर बंद पडली. म्हणजे आयुष्य एवढंच धरलेलं होतं का, हे मी त्याला विचारलं नाही. त्या मुलाच्या हातात काय होतं?

विम्याचंही पाहिलं. अपघात नसेल तर आपोआप झालेला यांत्रिक बिघाड आणि झीज नेहमीच्या मोटार विम्यात बसत नाही. पॉलिसीत ते स्पष्ट लिहिलेलं असतं, आपण वाचत नाही.

नाशिकमध्येच पाथर्डी फाट्याजवळ एक गॅरेज आहे. चालवणारा मिस्त्री पस्तिशीचा, आधी कंपनीच्या वर्कशॉपमध्ये होता. मी त्याला म्हटलं, भाऊ, दुरुस्त होवो न होवो, मला हा आतून पाहायचा आहे. दोन दिवसांनी त्याने गिअरबॉक्स उतरवला आणि मला बोलावून घेतलं.

तळाच्या नटात एक लोहचुंबक असतो, झिजलेलं लोखंड धरून ठेवायला. तो बाहेर आला तेव्हा त्यावर भिजवलेल्या मेंदीसारखा काळा लगदा बोटभर जाड चिकटलेला होता. बोटांत चोळला तर खर लागत होती. तेलाला जळका वास. मग केसिंग उघडलं आणि पट्टा बाहेर आला. तो पट्टा म्हणजे शुद्ध कारागिरी आहे, हे मला सांगितलंच पाहिजे. साधारण चारशे पोलादी चकत्या, प्रत्येकी अंगठ्याच्या नखाहून थोडी मोठी, दोन मिलिमीटरहून पातळ, एकीला एक खेटून बसवलेल्या. त्यांना दोन्ही बाजूंनी धरून ठेवणारी पोलादी कडी, आणि एकेक कडं म्हणजे एकात एक घातलेल्या पातळ पट्ट्या. मी एक पट्टी मायक्रोमीटरमध्ये धरली, तर ०.२ मिलिमीटरच्याही आत. स्कूटरचा पट्टा ओढतो, हा ढकलतो. चकत्या एकमेकींना रेटत जातात, आगगाडीच्या डब्यांना मागून इंजिन लावल्यासारख्या. ताकद पोचते ती चकतीच्या कडेच्या आणि पुलीच्या उताराच्या घर्षणातून, तीही तेलात बुडालेली असताना. म्हणून सीव्हीटीचं तेल वेगळं असतं. निसटू न देणारं तेल लागतं. त्यात साध्या ऑटोमॅटिकचं तेल कुणी ओतलं तर पट्टा घसरण्याची भीती.

मी पुलीच्या थाळीवरून नख फिरवलं. टूलरूममध्ये मला पहिल्या महिन्यात शिकवलेली गोष्ट, डोळ्याला न दिसणारं नखाला कळतं. उताराच्या मध्यावर नख अडलं. गोल फिरवत गेलो, पूर्ण वेढाभर चर. शेजारी त्याच पुलीचं बेअरिंग हातात घेऊन फिरवलं, तर आत वाळू भरल्यासारखं कुरकुरत होतं. आधी बेअरिंग खराब झालं असणार, त्याचा कीस तेलात गेला, तेल जुनं आणि पातळ झालेलं, दाब कमी पडला, पुलीची पकड सुटली आणि पट्टा घसरून थाळी खरवडत गेला. चाळीस हजार किलोमीटरवर तेल आणि त्याची जाळी (फिल्टर) बदलली असती तर ही वेळ बहुधा आली नसती. ज्यांच्याकडे सीव्हीटीची गाडी आहे त्यांनी कुणी काहीही सांगो, तेल बदलून घ्यावं, आणि मॅन्युअलमध्ये लिहिलेल्या नंबरचंच घालावं.

एक बेअरिंग, एक पट्टा, पुल्यांची एक जोडी. नाशिकमध्ये बसून मला या तीन वस्तू मिळेनात. या गावाविषयी मला अभिमान आहे. सातपूर-अंबडच्या शेडांमध्ये देशभरच्या मोटारींना लागणारे भाग कापले जातात, ओझरच्या कारखान्यात मिग आणि सुखोई विमानं उभी राहिली. दाता कापणारी, ग्राइंडिंग करणारी, मायक्रॉन ओळखणारी माणसं इथे गल्लोगल्ली आहेत. मीच त्यातला एक. आणि माझ्याच गाडीचं एक बेअरिंग बदलायला मी असमर्थ, कारण त्या बेअरिंगचा नंबर कुठे मिळत नाही आणि पट्टा सुटा विकत नाहीत. दिल्लीहून दुरुस्त केलेला सीव्हीटी १ लाख ४० हजारांत येत होता, तीन महिन्यांच्या तोंडी हमीवर. आतला पट्टा नवा की जुना, सांगायला कुणी तयार नाही.

साधा ऑटोमॅटिक बसवायची कल्पना मिस्त्रीची. याच गाडीच्या आधीच्या मॉडेलला टॉर्क कन्व्हर्टरचा, चार गिअरचा ऑटोमॅटिक यायचा आणि इंजिन त्याच घराण्यातलं होतं. म्हणजे इंजिन आणि गिअरबॉक्स जिथे मिळतात तिथले बोल्ट जुळण्याची शक्यता. मला साध्या ऑटोमॅटिकवर विश्वास यायला वेळ लागला नाही. टॉर्क कन्व्हर्टर म्हणजे समोरासमोर ठेवलेले दोन पंखे. एकाच्या वाऱ्याने दुसरा फिरावा तसं, फक्त वाऱ्याच्या जागी तेल. त्याच्या मागे गिअर, मधल्याला सूर्य म्हणतात, भोवतीच्यांना ग्रह, आणि बाहेर आतल्या अंगाला दाते असलेली कडी. कोणता भाग धरायचा आणि कोणता सोडायचा ते क्लच प्लेटा ठरवतात, प्लेटांना तेलाचा दाब दाबतो. हाही झिजतोच. पण झिजतात त्या प्लेटा आणि सील, आणि त्यांचा संच बाजारात सुटा मिळतो. गिअरचा दाता दात्यात बसतो, तेल जुनं झालं म्हणून दाता घसरत नाही. मला असा गिअरबॉक्स हवा होता, जो पुन्हा बिघडला तर पाथर्डी फाट्यावर खोलता येईल.

आधी मुंबईत कुर्ल्याच्या जुन्या सुट्या भागांच्या बाजारात फोन झाले. अपघातात मागून चेपलेल्या गाडीचा गिअरबॉक्स मिळाला. मिस्त्रीने मला बजावलं होतं, "काका, नुसता गिअरबॉक्स घ्यायचा नाही. कन्व्हर्टर, त्याची प्लेट, दोन्ही एक्सल, गिअरची दांडी, केबल, वायरिंग, कंप्युटर, सगळं त्याच गाडीचं पाहिजे." अख्खा संच ४८ हजारांना पडला. आल्यावर त्याने तो पुरा खोलला, प्लेटा आणि सगळी सीलं नवी घातली.

मग साडेपाच आठवडे गेले. डाव्या बाजूचं माउंटिंग जुळेना, चौदा मिलिमीटरचा फरक. त्यासाठी लागणारा ब्रॅकेट मी स्वतः तयार केला. अंबडला माझ्या जुन्या सोबत्याची छोटी शेड आहे. पाच वर्षांनी मिलिंग मशीनसमोर उभा राहिलो, बारा मिलिमीटरची प्लेट लावली, भोकं मारली. संध्याकाळी पाय सुजला होता, पण त्या रात्री मला फार गाढ झोप लागली.

गिअरबॉक्स चढवतानाचा एक क्षण लिहितो, कारण हे काम करणाऱ्या कुठल्याही तरुण मिस्त्रीने ते लक्षात ठेवावं. कन्व्हर्टर आधी गिअरबॉक्सच्या तोंडात बसवतात. तो बसला असं वाटतं, पण बसलेला नसतो. आत तीन गोष्टी एकात एक आहेत, मधला शाफ्ट, स्टेटरची नळी आणि पंपाचं तोंड. हलका दाब देऊन फिरवत राहायचं. एक टक, दुसरा टक. आमच्या मिस्त्रीच्या पोऱ्याने दोन ऐकले आणि उचला म्हणाला. मिस्त्री थांबला, पुन्हा फिरवलं, तिसरा टक आला आणि कन्व्हर्टर आणखी बोटाच्या पेराएवढा आत गेला. तसाच चढवून बोल्ट आवळले असते तर पंप फुटला असता. चढवल्यावर, कन्व्हर्टरचे बोल्ट लावायच्या आधी, मी कन्व्हर्टर आणि प्लेटमधली फट मोजली. तीन मिलिमीटर, तिन्ही ठिकाणी सारखी. कन्व्हर्टर हाताने पुढेमागे सरकत होता. मग आवळलं.

लोखंडाचं काम बारा दिवसांत झालं. उरलेले दिवस तारांनी खाल्ले. नव्या काळच्या गाडीत इंजिनाचा कंप्युटर आणि गिअरबॉक्सचा कंप्युटर सतत एकमेकांशी बोलत असतात. आमचं इंजिन सीव्हीटीला हाका मारत होतं आणि तिकडे दुसराच कुणी बसलेला. उत्तर आलं नाही की इंजिन ताकद कमी करतं आणि सगळे दिवे लावून ठेवतं. जुन्या मॉडेलचा इंजिन-कंप्युटर बसवावा तर चावीचा कोड जुळत नाही, आणि चावी जुळवण्याची सोय कंपनीच्या यंत्राशिवाय नाही. आम्ही रीतसर पैसे भरायला तयार होतो, नोंदणीची कागदपत्रं आणि आधार घेऊन गेलो, नकार मिळाला. शेवटी मुंबईहून एक मुलगा लॅपटॉप घेऊन आला, दोन दिवस राहिला, १८ हजार घेऊन गेला. त्याने काम चोख केलं. पण माझ्या स्वतःच्या गाडीची चावी माझ्या गाडीला ओळखवून द्यायला मला असं आडवाटेने का जावं लागावं?

मिस्त्रीकडे मी एकच हट्ट धरला. दांडी 'पी' (पार्क) किंवा 'एन' (न्यूट्रल) वर असल्याशिवाय स्टार्टर फिरता कामा नये, आणि 'आर' (रिव्हर्स) टाकला की मागचा दिवा लागलाच पाहिजे. ती स्विच नीट बसवायला त्याला दीड दिवस लागला. पुढे तेलासाठी एक वेगळा छोटा रेडिएटर लावला. एकूण खर्च १ लाख ३१ हजार.

पहिली परीक्षा नांदुरीहून सप्तशृंगी गडावर घेतली. सोबत मिस्त्री आणि त्याचा स्कॅनर. वळणावळणाला तेलाचं तापमान पाहत गेलो. गाडी गिअर टाकते तेव्हा हलका खटका कळतो, सीव्हीटीत तो नव्हता. शहरात लिटरला चौदा किलोमीटर मिळायचे, आता साडेअकरा. हायवेला शंभरच्या वेगाला इंजिन पूर्वीपेक्षा जास्त फिरतं, आवाज येतो. ज्याला हे चालणार नाही त्याने या वाटेला जाऊ नये. वॉरंटी शिल्लक असेल त्याने तर अजिबात जाऊ नये. आणि ज्या गाडीच्या जुन्या मॉडेलला ऑटोमॅटिक आलाच नव्हता, तिच्यात दुसऱ्याचा गिअरबॉक्स कोंबण्याच्या भानगडीतही कुणी पडू नये. माझी गाडी त्यानंतर १३ हजार किलोमीटर चालली आहे. कसारा घाट नऊ वेळा चढली.

आता मागणं.

काम सुरू करण्याआधी मी परिवहन खात्याच्या एका कार्यालयात विचारायला गेलो होतो. खिडकीवरच्या माणसाने मला बसायला खुर्ची दिली, सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "काका, आरसीवर गिअरबॉक्सचा रकानाच नाही, आम्ही नोंद कशाची करू?" लेखी द्या म्हटलं, तर ते त्याच्या अधिकारात नव्हतं. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याचं कलम ५२ सांगतं, की नोंदणी प्रमाणपत्रातला (आरसीतला) तपशील उत्पादकाच्या मूळ तपशिलापासून वेगळा होईल असा बदल मालकाने करू नये. जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते अधिक कडक शब्दांत सांगितलं. त्याच वर्षीच्या दुरुस्तीने नियमबाह्य बदलाला प्रत्येकी ५ हजार रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही, अशी शिक्षा आली. कर्कश सायलेन्सर, रुंद चाकं, डोळे दिपवणारे दिवे यांना आळा बसायलाच हवा, त्याबद्दल माझं दुमत नाही. पण इंजिन तेच, चासी तीच, ब्रेक तेच, आणि गिअरबॉक्स त्याच कंपनीचा, त्याच इंजिनाच्या घराण्याचा, तर हा बदल आहे की दुरुस्ती? मला कुणीही सांगू शकलं नाही. विमा कंपनीला पत्र पाठवलं, त्याचंही ठाम उत्तर आलं नाही. मित्र म्हणतात, पेपरात लिहून स्वतःहून अंगावर कशाला घेतोस? मी चोरी केलेली नाही, म्हणून लिहितो आहे.

सीएनजी किट बसवायचं असेल तर वाट आखलेली आहे. मान्यताप्राप्त किट, मान्यताप्राप्त बसवणारा, तपासणी, आणि आरसीवर नोंद. गिअरबॉक्ससाठी अशीच वाट आखून द्या. मिस्त्रीची सही, जुन्या-नव्या गिअरबॉक्सचे नंबर, ब्रेकची आणि 'पी'-'एन'च्या स्विचची तपासणी, हवी तेवढी फी. मी सगळ्यात आधी रांगेत उभा राहीन.

आणि त्याहून आधी, सुटे भाग. माझ्या गाडीचा गिअरबॉक्स मुळात बदलावा लागला तो एक बेअरिंग मिळालं नाही म्हणून. हा प्रश्न नवा नाही. ऑगस्ट २०१४ मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाने सुटे भाग आणि तपासणीची यंत्रणा खुल्या बाजारात न दिल्याबद्दल चौदा मोटार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४४ कोटींचा दंड ठोठावला होता. प्रकरण पुढे अपिलात गेलं. २०२२ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली, त्यात मोबाइल आणि शेतीच्या अवजारांबरोबर मोटारीही घेतल्या, त्याच वर्षी २४ डिसेंबरला पोर्टल सुरू केलं. पाऊल चांगलं होतं. पण पोर्टलवर माहिती देणं कंपनीच्या मर्जीवर ठेवून चालणार नाही. विकलेल्या प्रत्येक गिअरबॉक्सचा पट्टा, बेअरिंग, सील सुटं विकलंच पाहिजे, आणि मालक कागदपत्रं घेऊन आला तर त्याची चावी जुळवून दिलीच पाहिजे, असा कायदा हवा.

हे मागणं मी हौशी मोटारवाल्यांसाठी करत नाही. ज्यांना दोन्ही पाय आहेत ते उद्या साधी गिअरची गाडी घेऊ शकतात. माझ्यासारख्याला तो पर्याय नाही. गेल्या वर्षी त्या साडेपाच आठवड्यांत आणि त्याआधीच्या महिन्याभरात मी दवाखाना आणि या गाडीची कामं सोडून कुठेही गेलो नाही. पत्नीच्या डोळ्याची तारीख चुकली. १९९१ पूर्वीचे दिवस पुन्हा आले होते.

परिवहन आयुक्तांच्या नावे मी रीतसर अर्ज केला आहे. सोबत जुन्या पुलीचे फोटो, बसवलेल्या गिअरबॉक्सचा नंबर, खरेदीची पावती आणि मिस्त्रीचं सही केलेलं पत्र जोडलं आहे. अर्जाची पोच माझ्याकडे आहे. उत्तर येईल ते आपल्याला कळवीन.

आपला,
एक निवृत्त टूलरूम कामगार,
सिडको, नाशिक